विल्मर, आमच्या वरच्या मजल्यावरचा गोलकीपर

आखातातलं अल ऐन, अठ्ठ्याण्णव सालची थंडी... आमच्या वरच्या मजल्यावर एक गोलकीपर राहायला आला. "पेरूचा आहे," असं नितीनने, म्हणजे माझ्या नवऱ्याने सांगितलं, तेव्हा मला हसूच आलं. आपल्याला पेरू म्हटलं की मीठ-तिखटच आठवणार ना!

नाव विल्मर. चाळिशीच्या आसपासचा, उंच, आणि हाताची बोटं इतकी वेडीवाकडी की शेकहँड करताना दचकायला व्हायचं. त्याच्या देशात बरीच वर्षं क्लब फुटबॉल खेळून आता तो इथल्या एका क्लबच्या गोलकीपर्सना ट्रेनिंग द्यायला आला होता.

आमच्या घरात तेव्हा वेगळीच काळजी होती. आमची दहा वर्षांची रेवा बोलताना अडखळायची. घरात मराठी, शाळेत इंग्लिश, बिल्डिंगमध्ये हिंदी... तिन्हीकडे शब्द घशाशीच अडकायचा. हळूहळू तिने बोलणंच सोडलं. काहीही विचारा, मान हलवायची, नाहीतर "ओके."

स्पीच थेरपिस्ट आम्हाला तिथे काही सापडला नाही. शेवटी ठरलं, शाळेचं वर्ष संपलं की रेवाला पुण्याला माझ्या बहिणीकडे ठेवायचं, तिथे ट्रीटमेंट करायची. तिला सांगितलं, तर म्हणाली, "ओके." मी बाथरूममध्ये जाऊन रडले...

बिल्डिंगमागच्या वाळूत पोरं फुटबॉल खेळायची. मल्याळी, पाकिस्तानी, इजिप्शियन, सगळी एकत्र. रेवाला गोलमध्ये उभी करायची, कारण तिथे उभं राहायला दुसरं कुणी तयार नसायचं.

एका शुक्रवारी, म्हणजे तिथल्या सुट्टीच्या दिवशी, विल्मर वरून बघत होता, आणि सरळ खाली उतरला. मी बाल्कनीत कपडे वाळत घालत होते. "यू कॅच गुड," तो रेवाला म्हणाला. "बट यू नो टॉक! गोलकीपर मस्ट टॉक!"

मी कपडे तसेच टाकून कठड्याशी आले. नेमकं तेच...

रेवा सांगायला गेली, "आय क-क-कान्ट..." आणि अडकली. विल्मर वाळूत गुडघे टेकून बसला, नुसता बसून राहिला. त्याचं स्वतःचं इंग्लिशही तसंच, एकेक शब्द शोधत यायचं, त्यामुळे त्याला कसली घाईच नव्हती. तिचं वाक्य पुरं झाल्यावर म्हणाला, "ओके. वन वर्ड. ओन्ली वन."

तो शब्द होता 'मीया'. स्पॅनिशमध्ये 'माझा'. बॉल हवेत असला की गोलकीपरने ओरडायचं, म्हणजे बाकीचे बाजूला होतात. न ओरडता उडी मारली की टक्कर... असं म्हणून त्याने आपली वाकडी करंगळी दाखवली.

मग दर शुक्रवारी दोघांचा तोच उद्योग. तो बॉल उंच फेकायचा, रेवाने ओरडायचं. सुरुवातीला आवाजच फुटेना. "मी-मी-मी" होईपर्यंत बॉल डोक्यावरून पार. तो कधी हसला नाही की वैतागला नाही. "यल्ला रेवा, अगेन!" एवढंच. 'यल्ला' म्हणजे अरबीत 'चल'.

एकदा त्याला पोह्यांना बोलावलं. तेव्हा कळलं, त्याच्या करिअरची बहुतेक वर्षं बेंचवरच गेली होती. एका सीझनला मेन गोलकीपरचं मनगट मोडलं, म्हणून हा खेळला, आणि खालच्या डिव्हिजनमध्ये चाललेली टीम वाचली. पुढच्या वर्षी क्लबने नवा गोलकीपर आणला... हा परत बेंचवर.

"वाईट नाही वाटलं?" नितीनने इंग्लिशमध्ये विचारलं.

"मच. आय क्राय. देन वॉर्म-अप. एव्हरी मॅच, फुल वॉर्म-अप... देन सिट." रेवा घास हातात धरून ऐकत होती.

फेब्रुवारीतली एक संध्याकाळ. मी किचनमध्ये होते. खालून आवाज आला, "मीयाऽऽऽ!" हातातलं पीठ तसंच घेऊन बाल्कनीत धावले.

बॉल रेवाच्या छातीशी होता, दांडगी पोरं बाजूला झाली होती. आणि ती थांबेचना! "बॅक! गो बॅक!" करत हातवारे करून सगळ्यांना मागे हटवत होती. केसांत वाळू, चेहरा लालबुंद...

पण खरी गोष्ट पुढेच आहे. त्याच दिवशी जेवताना नितीनने पुण्याच्या तिकिटाचा विषय काढला. रेवाने ताट बाजूला सरकवलं. "बाबा, म-मला..." आणि अडकली. नितीन मदतीला धावणार, तेवढ्यात तिने हात वर करून त्याला थांबवलं.

पुन्हा सुरुवात केली. पुन्हा अडकली. मग एकेक शब्द करत म्हणाली, "मला पुण्याला नाही जायचं. मला इथेच राहायचंय... तुमच्याजवळ."

कित्येक महिन्यांत तिने पहिल्यांदाच स्वतःला काय हवंय ते सांगितलं होतं. नितीन उठून बेसिनपाशी गेला आणि बराच वेळ तोंड धूत राहिला. पुण्याचा बेत खलास!

ट्रीटमेंट केलीच, पण सुट्टीत, मी सोबत राहून. अडखळणं पूर्ण गेलं असं नाही. रेवा आज नोकरी करते, मीटिंगमध्ये अजूनही अडखळते, आणि वाक्य पुरं करूनच थांबते.

पुढे क्लबने कोच बदलला, त्याच्याबरोबर विल्मरचंही काँट्रॅक्ट संपलं. "इन्शाल्ला, भेटू," म्हणून तो टॅक्सीत बसला. ईमेलचे दिवस अजून आमच्या घरी आले नव्हते... संपर्क तुटला तो तुटलाच.

त्याच्या देशात आज त्याला कुणी ओळखत असेल का, कोण जाणे. बेंचवरच्या गोलकीपरला कोण लक्षात ठेवतं! पण आमची लेक आमच्या डोळ्यांसमोर, आमच्याच घरात लहानाची मोठी झाली, ती त्याच्यामुळे. विल्मर, जिथे असशील तिथे सुखात राहा रे...