सव्वीस फ्रॉक आणि उरलेला तुकडा

द्वारकाबाईंबद्दल लिहायचं तर आधी माझा मूर्खपणा सांगावा लागतो. त्याचाच वैताग येतो, पण इलाज नाही.

बाई कन्नड तालुक्याकडच्या. लग्न होऊन औरंगाबादला आल्या आणि गुलमंडीमागच्या गल्लीत दारातच मशीन टाकून शिवायला बसल्या. शिवून झालं की कपड्यांसोबत उरलेलं कापड, कातरलेल्या चिंध्यासुद्धा गाठोडं बांधून परत द्यायच्या. गिऱ्हाईक वैतागायचं, चिंध्या कशाला म्हणून. "तुमच्या हायेत म्हणून," एवढंच उत्तर.

१९७८ साली आमच्या शाळेनं बालवाडीचे फ्रॉक त्यांच्याकडे दिले. मी गणिताचा मास्तर, म्हणून कापडाचा हिशोब माझ्या गळ्यात. कापड वीस मीटर, एका फ्रॉकला पाऊण मीटर. वीस भागिले तीन छेद चार, म्हणजे वीस गुणिले चार छेद तीन. उत्तर सव्वीस पूर्णांक दोन तृतीयांश. सव्वीस फ्रॉक होऊन दोन तृतीयांश मीटर कापड उरेल, असं मी वहीत ऐटीत लिहिलं.

बाईंनी सव्वीस फ्रॉक आणले, गाठोडं आणलं आणि एक सलग तुकडा आणला. मी तो मोजला. अर्धा मीटरच भरला, म्हणजे सतरा सेंटीमीटर कमी.

व्हरांड्यात पालकांची बैठक होती, वीसेक बायका बसलेल्या. "बाई, वहीत दोन तृतीयांश निघतंय. बाकीचं कुठं गेलं?" मी सगळ्यांदेखत विचारलं.

"उरलं तेवढं आणलंय, सर."

मी तेच तेच विचारत राहिलो, त्या तेच तेच सांगत राहिल्या. शेवटी चिडून मी वही आपटली. दुसऱ्या दिवसापासून गल्लीतल्या बायका द्वारकाबाईंना कापड देताना समोर मोजायला लावू लागल्या.

आठवड्यानं बाई शाळेत आल्या. तो तुकडा मागून घेतला. सोबत आणलेलं पाऊण मीटर कापड टेबलावर अंथरलं, घड्या घालून त्याचे तीन सारखे भाग पाडले आणि वर तुकडा ठेवला. त्यानं बरोबर दोन भाग झाकले.

"दोन तृतीयांश म्हंजी तिनातले दोन, व्हय ना? हे एका फ्रॉकचं कापड. ह्याच्या तिनातले दोन उरले. मीटरातले कुठून आणू?"

माझं उत्तर बरोबर होतं, फक्त ते फ्रॉकचं होतं आणि मी ते मीटरचं समजून बसलो होतो. उत्तरापुढं एकक लिहा म्हणून मीच पोरांच्या हातावर छड्या मारायचो.

"चुकलं माझं," मी पुटपुटलो.

"त्या दिशी आवाज लई मोठा व्हता, सर. शनिवारी बाया येतील. तवा बोला."

शनिवारी मी व्हरांड्यात उभा राहून सगळं सांगितलं. पण त्या दिवशीच्या बायकांपैकी निम्म्याच आल्या होत्या. बाकीच्यांच्या घरी जाऊन सांगायचं माझ्याकडून राहूनच गेलं.