घरच्या मैदानावरची पनवती

माझ्या भावाला, लॅडी हुडाकला, पुरून आल्यावर चर्चच्या तळघरात जेवणं चालली होती. तेव्हा रेजिस कॅव्हनॉ ग्लास घेऊन उठला आणि म्हणाला, "लॅडीनं या शहरासाठी आपली जागा सोडली. त्याला काळीज लागतं." लोकांनी डोळे पुसले. माझ्या हातात बटाट्याच्या सॅलडचा डाव होता. तो रेजिसच्या टकलावर घालावा असं मला फार वाटलं. फादर शेजारीच उभे होते म्हणून वाचला मेला.

त्याग म्हणे! उचलली जीभ लावली टाळ्याला. काय झालं ते मला ठाऊक आहे, कारण त्या रविवारी त्याच्या स्वयंपाकघरात लॅडीखेरीज मीच एकटी होते.

लॅडी काही देवमाणूस नव्हता. हट्टी होता, तोंडाळ होता. पालिकेचा बर्फ काढायचा ट्रक चालवायचा आणि ज्याच्याशी भांडण असेल त्याच्या गाडीपुढे बर्फाचा ढीग लावून ठेवायचा. बायको लवकर गेली, मूलबाळ नव्हतं. जगात त्याला एकच गोष्ट प्रिय होती, ती म्हणजे पडलर्स. आमच्या फाउंड्री स्ट्रीटच्या टोकाला त्यांचं मैदान. पडलर्स म्हणजे भट्टीत लोखंड ढवळणारे. भट्ट्या थंड होऊन जमाना झाला, फुटबॉल संघाला नाव तेवढं राहिलं. फुटबॉल म्हणजे आमचा, बॉल काखेत मारून पळायचा. उघड्या स्टँडमध्ये, सरोवराकडून येणाऱ्या वाऱ्याच्या तोंडावर लॅडीची जागा होती. आधी ती आमच्या बापाची होती. रेजिस बरोबर त्याच्या मागच्या बाकावर. रेजिसचा गुत्ता आमच्या कोपऱ्यावर आहे, आणि तिथे दारूपेक्षा जिभा जास्त चालतात.

हंगामातले साधे सामने हरले तर पुढच्या रविवारी पुन्हा आशा धरता येते. बाद फेरीचं तसं नाही. हरलं की संपलं, वर्षभर तोंड काळं. आणि ती बाद फेरी आपल्याच मैदानावर होणं म्हणजे अख्ख्या शहराच्या घरचं लग्न. आमच्या नशिबात अशी लग्नं फार थोडी, आणि बहुतेक मोडलेली.

पहिलं लॅडी तरुण असताना. शेवटच्या किकला बॉल खांबावर आपटून परत आला. हजारो माणसं होती, पण खांबाचा आवाज आमच्या ओसरीपर्यंत ऐकू आला. दुसऱ्या वेळी आपण पुढे होतो, आणि आपल्याच गड्यानं आपल्याच रेषेजवळ बॉल असा सोडला जसा काही गरम बटाटा. तिसऱ्या वेळी लॅडीला मुतखडा झाला. तो इस्पितळात गुरासारखा ओरडत होता आणि इकडे पडलर्स जिंकले, चांगले दणकून जिंकले. पुढच्या फेरीत दुसऱ्यांच्या गावी जाऊन मार खाल्ला, ती गोष्ट वेगळी. चौथ्या वेळी लॅडी परत आपल्या जागेवर. सरोवरावरून असं धुकं आलं की कोण कुठे धावतंय ते पंचांनाही दिसेना. धुकं विरलं तेव्हा कळलं की आपण हरलोय.

त्या धुक्यातून घरी येताना रेजिसनं पहिल्यांदा तो शब्द काढला. "लॅडी, तू बसलास की हरतात. तू मुतखड्यानं मरत होतास तेव्हा जिंकले. पनवती आहेस तू!"

सगळे हसले. लॅडीही हसला. पण असा शब्द एकदा चिकटला की सुटत नाही. पुढची बारा वर्षं पडलर्सला घरी बाद फेरी मिळालीच नाही. त्यांचे मालक कंजूष, प्रशिक्षक मठ्ठ, किकरचा पाय लाकडाचा. नाचता येईना अंगण वाकडं! पण शहराला दोष द्यायला अंगण लागतं, आणि ते अंगण झाला माझा भाऊ.

आता खरं सांगायचं तर हा मूर्खपणा लॅडीनंच आमच्या घरात आणला होता. एकदा पडलर्स बाहेरगावी खेळत होते आणि मी त्याच्या तळघरात लोणच्याची बरणी आणायला उतरले होते. तेवढ्यात आपल्या गड्यानं बॉल त्यांच्या रेषेपार नेला, टचडाउन झालं. मी वर आले, तर हा म्हणतो, "इर्मा, परत खाली जा."

"का?"

"जा म्हणतो ना! तू खाली असलीस की जमतं."

त्या दिवशी मी तळघरात बॉयलरशेजारी उभी राहिले आणि वर आणखी दोन टचडाउन झाली. झालं! पुढे कित्येक हंगाम, चेंडू रेषेजवळ आला की मला तळघरात हाकलायचा. माझा नवरा म्हणायचा, तुझ्या भावाला डॉक्टरकडे ने. पण मी जायची. आमच्याकडे सगळेच असं काही ना काही करतात. कुणी हंगामभर शर्ट धूत नाही, कुणी बायकोला भिंतीकडे तोंड करून बसवतं. त्याला वेड म्हणत नाहीत इथे, निष्ठा म्हणतात.

बारा वर्षांनी पाचवी बाद फेरी घरी आली तेव्हा लॅडी निवृत्त झालेला होता, गुडघे गेले होते. बातमी आली त्या संध्याकाळी तो कोबी घालून परतलेल्या शेवयांचं, हालुश्कीचं पातेलं घेऊन माझ्याकडे आला. एवढ्या वर्षांत त्यानं माझ्यासाठी पहिल्यांदा काही शिजवलं होतं. "इर्मा," तो म्हणाला, "मरायच्या आधी मला एकदा ते इथे जिंकताना बघायचेत. माझ्या डोळ्यांनी. बस्स, एवढंच." कोबी करपला होता, पण मी खाल्ला.

दुसऱ्या दिवसापासून अख्खी गल्ली त्याच्या मागे लागली. बेकरीत गेला तर काउंटरवरची बाई म्हणाली, "मिस्टर हुडाक, रविवारी काय, फ्लोरिडाला वगैरे जाताय ना?" न्हाव्यानं अर्धी दाढी करून विचारलं, "घरी बसणार असाल तर पुढची करतो." फादरनी प्रवचनात म्हटलं की प्रत्येकानं आपापला क्रूस वाहावा, काहींनी तो घरी बसून वाहावा, आणि अख्खं चर्च मागे वळून लॅडीकडे बघत खिदळलं. देवाच्या घरात! दारावर कुणीतरी सुटकेस आणून ठेवली, रिकामी, वर रिबीन बांधून. ही थट्टा होती असं आता सगळे सांगतात. थट्टा कशाला म्हणतात ते मला कळतं. त्यांच्या डोळ्यांत थट्टा नव्हती.

लॅडी सगळ्यांना शिव्या देत होता. "जाणार! बघतो कोण अडवतो ते."

शनिवारी बर्फ पडला, मांडीइतका. असं झालं की संघाकडून निरोप येतो आणि फाउंड्री स्ट्रीटची माणसं आपापली फावडी घेऊन मैदानावर जातात, बाक मोकळे करायला. ज्याची जागा तो आपली रांग काढतो, हा रिवाज. लॅडी गुडघ्यांना पट्टे बांधून गेला. मी कॉफीचा थर्मास घेऊन मागोमाग गेले. त्यानं आपली रांग काढली, मग रेजिसची काढली, कारण रेजिस कंबर धरून बसला होता. जन्मभर बर्फ उपसलेला माणूस, त्याचा हात बघत राहावा असा चालायचा. सगळं झाल्यावर त्यानं हातमोज्यानं आपल्या बाकावरचं शेवटचं पांढरं पुसलं आणि तो खाली टेकला.

"ए, ए, ए!" रेजिस ओरडला. "ऊठ तिथून! आजपासूनच बाधा नको."

"माझी जागा आहे."

"जागा तुझी असेल रे, संघ सगळ्यांचा आहे. लॅडी, हे बघ, चांगल्या शब्दांत सांगतोय. माझा बाप हे बघायची वाट बघत मेला. उद्या तू इथे दिसलास आणि आपण हरलो, तर या गल्लीत तुझ्याशी कुणी बोलणार नाही. मी तर नाहीच नाही."

आजूबाजूची फावडी थांबली. कुणी रेजिसला गप्प केलं नाही. उलट वरच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं, "बरोबर आहे त्याचं."

लॅडी उठला. "म्हणजे बर्फ काढायला मी चालतो," तो म्हणाला, "बसायला चालत नाही."

"मनावर घेऊ नकोस यार," रेजिस म्हणाला, आणि त्यानं लॅडीनं मोकळ्या केलेल्या आपल्या बाकावर ऐसपैस पाय पसरले. त्या क्षणी मला त्या माणसाचा जो राग आला तो आजतागायत गेला नाही, आणि मला तो घालवायचाही नाही.

घरी आल्यावर लॅडी खुर्चीत बसला. बूट काढताना म्हणाला, "खरं सांग, इर्मा. मी आहे का पनवती?"

"वेडा आहेस का? कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ. थोतांड आहे सगळं. उद्या जाऊन बस आपल्या जागेवर आणि त्या रेजिसच्या तोंडावर पाय ठेवून बस!"

"तू तळघरात उभी राहायचीस तेव्हा टचडाउन व्हायची."

"तेही थोतांडच."

"नाही," तो म्हणाला. "ते खरं होतं. मी बघितलंय." मग त्यानं दुसऱ्या बुटाची नाडी सोडली. "तुझं खरं असेल तर माझंही खरंच असणार ना."

जन्मभर ज्यावर विश्वास ठेवला तेच उलटून त्याच्या अंगावर आलं होतं. रेजिसच्या धमकीला तो भीक घालणारा नव्हता. पण आपल्यामुळे ते हरतील, ही भीती त्याला झेपली नाही. रेजिसला त्यानं फोन करून एवढंच सांगितलं की मी येत नाही, पण जागा रिकामी राहील, तिथे कुणाची टोपीसुद्धा ठेवायची नाही.

रविवारी दुपारी मी त्याच्याकडे गेले. टीव्ही त्यानं लावू दिला नाही, बघितलं तरी बाधेल म्हणाला. तशी गरजही नव्हती. मैदान इतकं जवळ की गर्जना झाली की आपलं काहीतरी झालं, आणि सगळं चिडीचूप झालं की त्यांचं. तो बटाटे सोलत बसला. पहिल्यांदा चिडीचूप झालं तेव्हा त्याचा हात थांबला. दुसऱ्यांदा झालं तेव्हा त्यानं उठून कढईत सॉसेज टाकलं. तिसऱ्यांदा झालं तेव्हा तो शीळ घालत होता.

मला आधी वाटलं, बिचारा अवसान आणतोय. मग मी त्याचा चेहरा बघितला. गडी खुशीत होता. त्यानं दोनदा वाढून घेतलं, पावानं ताट पुसून खाल्लं, मला म्हणाला, "तूही घे की!" गुडघे दुखायचे थांबल्यासारखा घरभर फिरत होता.

अंधारून येताना पहिली गर्जना झाली. तो खिडकीशी गेला. थोड्या वेळानं दुसरी झाली. मग अशी एक झाली की कपाटातल्या बशा वाजल्या, आणि ती थांबेचना. गाड्यांचे भोंगे, चर्चची घंटा, फटाके. लॅडी खुर्चीवर बसला. त्याच्या चेहऱ्यावरचं सगळं उतरून गेलं.

लोक तसेच मैदानावरून आमच्याकडे आले. फाउंड्री स्ट्रीट भरून गेला होता. "लॅडी! लॅडी! लॅडी!" करून ओरडत होते. ज्या बेकरीवालीनं त्याला फ्लोरिडाला धाडलं होतं ती केक घेऊन उभी. रेजिस रडत होता. त्यानं लॅडीला मिठी मारली, गालाचा मुका घेतला. "तू केलंस हे! तुझ्यामुळे झालं! पुढचा रविवारही इथेच आहे राजा, अस्साच बसून राहा घरात!" जन्मात त्या गल्लीनं माझ्या भावाचा एवढा जयजयकार केला नव्हता. तो दारात उभा राहिला, मान हलवली, केक घेतला आणि दार लावून घेतलं.

केक ओट्यावर ठेवून तो म्हणाला, "इर्मा, मी दुपारभर देवाजवळ काय मागत होतो ठाऊक आहे?"

मला ठाऊक होतं. तरी विचारलं, "काय?"

"हरू देत म्हणून. हाडं मोडू देत एकेकाची, म्हणून." त्यानं केक ओट्याच्या कडेला सरकवला. "त्या बाकावर बसून प्रत्येक वेळी मी त्यांचं भलंच मागितलं. एवढं तर मी बायकोसाठीही मागितलं नव्हतं. तेव्हा मला पनवती म्हणाले. आज खरोखर वाईट चिंतलं, तर केक आणला."

मी त्याच्या पाठीवर हात ठेवला. त्यानं तो झटकला. तसाच होता तो.

पुढच्या रविवारीही मी गेले. टीव्ही बंदच होता, पण या वेळी त्यानं मनाई केली नव्हती, कुणी लावलाच नाही. दुपारभर मैदानावरून कसाबसा एखादा आवाज आला आणि शेवटी सगळं चिडीचूप झालं ते झालंच. फुटपाथवरून माणसं खाली माना घालून परतू लागली. लॅडी कोबी चिरत होता.

"आज काय मागितलंस?" मी विचारलं.

"अं?" त्यानं खिडकीकडे बघितलं. "सामना आज होता होय? माझ्या लक्षातच नाही राहिलं."