जिन्यावरची मनाई

गेली तीस वर्षं मिस्त्री लोकांचे जिने बांधत होता आणि प्रत्येक गिऱ्हाइकाला बजावत होता, की खाली-वर जायची दुसरी सोय झाल्याशिवाय जुन्या जिन्याला हात लावायचा नाही. आपल्या घरी मात्र त्याने एका रविवारी घण उचलला आणि दुपारपर्यंत जिना जमीनदोस्त केला. त्याला घाई होती. जुन्या पायऱ्या नऊ-नऊ इंच उंच, आणि आईच्या गुडघ्यांनी त्यांच्यापुढे हात टेकले होते. नव्या सहा इंची वीस पायऱ्या, मध्ये वळण, भिंतीला कठडा, सगळं त्याच जागेत बसत होतं. आठ दिवसांचं काम.

आईला रोज खाली उतरायचंच असायचं. समोरच्या घरात तिची धाकटी बहीण राहायची. मावशीला अलीकडे विसरायला होत होतं. आई सकाळी जाऊन तिची वेणी घालायची, लहानपणच्या गोष्टी काढायची, आणि तेवढा तासभर मावशी ताळ्यावर असायची.

मंगळवारी तळमजल्यावरच्या चुलतभावाने कोर्टातून मनाईहुकूम आणला. म्हणे जिन्याची जागा सामाईक, आपल्या संमतीशिवाय तिथे वीटही लागता कामा नये. या गृहस्थाचं दार थेट रस्त्यावर उघडायचं. उभ्या जन्मात तो कधी त्या जिन्याने चढला नव्हता. त्याला फक्त वरचा मजला हवा होता, मातीमोल भावात.

"हा तात्पुरता हुकूम आहे," वकीलबाई म्हणाल्या.

"तात्पुरता म्हणजे किती दिवस?"

"दाव्याचा निकाल लागेपर्यंत."

"आणि दाव्याचा निकाल?"

वकीलबाई चष्मा पुसू लागल्या. मग म्हणाल्या, "अहो, पाडायच्या आधी मला विचारायचंत तरी. जे आहे ते तसंच ठेवा, असं कोर्टाने सांगितलंय. आणि तुमच्याकडे आहे काय? खड्डा!"

दोन्ही बाजू ऐकून खालच्या कोर्टाने हुकूम कायम केला. निकालात लिहिलं, की प्रतिवादीकडे शिडी आहे, आणि झालंच काही नुकसान तर ते पैशांत भरून देता येईल. मिस्त्रीने ते वाक्य तीनदा वाचलं आणि त्याच्या अंगाची लाही लाही झाली. सत्याहत्तर वर्षांच्या बाईला शिडी दाखवणारा माणूस स्वतः मात्र लिफ्टने कोर्टात जात होता. मिस्त्रीने त्याच आठवड्यात वरच्या कोर्टात अपील केलं. अर्जात मावशीचं दुखणं मुद्दाम लिहायला लावलं.

त्याने आईला पाठीवर घेऊन उतरायची तयारी दाखवली, पण ती उखडली. "मी काय सिमेंटची गोणी आहे? माझ्या पायांनी उतरेन." शिडीवर पाय ठेवायला त्याने तिला सक्त मनाई केली, म्हणजे घरात दुसरा हुकूम निघाला. मग ती सकाळी खिडकीशी बसायची आणि समोरच्या खिडकीतून मावशी हात हलवायची.

अपिलाला तारखांवर तारखा पडल्या. कधी खालच्या कोर्टातून कागद आले नाहीत, कधी समोरच्या वकिलाची पाठ धरली, कधी न्यायाधीशांची बदली झाली. सहाव्या महिन्यात मावशीने हात हलवणं बंद केलं. ती नुसती बघत बसायची.

आठव्या महिन्यात नव्या न्यायाधीशबाईंनी पाव तासात सगळं वाचलं.

"वादी हा जिना वापरतात का?"

"नाही, पण प्रश्न हक्काचा आहे," चुलतभावाचा वकील म्हणाला.

"त्याच जागेत जिना झाला तर त्यांचं बिघडतं काय?"

हुकूम रद्द झाला. मिस्त्री हात जोडतोय तोच वकील पुन्हा उठला. चुलतभावाला आणखी वरच्या कोर्टात जायचं होतं. तोवर मनाई चार आठवडे चालू ठेवावी, अशी विनंती होती. न्यायाधीशबाईंनी घड्याळाकडे पाहिलं आणि चार आठवडे दिले. ज्याचं काहीच बिघडत नव्हतं, त्याला महिनाभर मुदत! मिस्त्रीला बाकडं उचलून आपटावंसं वाटलं.

घरी आल्यावर आईने वरूनच विचारलं, "जिंकलास?"

"हो."

"मग लाग कामाला."

"चार आठवड्यांनी."

तिने पदर खोचला. मग म्हणाली, "शिडी धर."

तो नको नको म्हणत असताना ती उलटी वळून उतरू लागली. प्रत्येक पायरीवर थांबत, दात-ओठ खात उतरली. मिस्त्री खाली दोन्ही हात पसरून उभा होता आणि शरमेने मेला होता. दारातून चुलतभाऊ म्हणाला, "काकू, जपून हं!" तिने त्याच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही.

मावशीने तिला बसायला खुर्ची दिली. आईने फणी घेतली आणि तिची वेणी घातली. मावशी हसत म्हणाली, "हात फार हलका आहे हो तुमचा. आपण कुठून आलात?"

आईने लहानपणच्या सगळ्या गोष्टी काढल्या. मावशी प्रत्येक गोष्ट ऐकून, परक्या माणसाशी वागावं तशी मान डोलवत राहिली. निघताना तिने दारापर्यंत येऊन आभार मानले.

आई रस्ता ओलांडून आली आणि जिन्याच्या जागेपाशी पडलेल्या विटांवर बसली. मिस्त्री रागाने बोलत सुटला होता, की महिना संपला की दुसऱ्या दिवशी पहाटे काम काढतो, माणसं दुप्पट लावतो, चार दिवसांत जिना उभा करतो.

"सावकाश बांध," ती म्हणाली. "मला आता घाई नाही."