पळीभर तीर्थ

गणपतीच्या पंचामृतात तुळस पडली आणि तिचा वास आला, की मला शेजारचे मार्कस काका आठवतात.

इथे अर्विंगला आमची घरं भिंतीला भिंत लागून. काका तरुणपणी व्यावसायिक अमेरिकन फुटबॉलमध्ये वाइड रिसीव्हर होते. जिवाच्या आकांताने पळायचं, लांबून आलेला बॉल झेलायचा आणि त्याच क्षणी अंगावर येणाऱ्यांची धडक खायची, हे त्यांचं काम. "यांच्या हातून बॉल सुटायचा नाही," असं डेनिस काकू कौतुकाने सांगायच्या.

एका वर्षी ते दोघं गणपतीला आले, तेव्हा आरतीनंतर मी काकांना हाताचा द्रोण कसा करायचा ते दाखवलं आणि पळीने तीर्थ दिलं. पण मोडून मोडून वाकडी जुळलेली त्यांची बोटं एकमेकांना टेकेचनात. तीर्थ फटींतून गळून टाइल्सवर सांडलं. ओल्या तळहाताकडे बघत ते पुटपुटले, "सुटला." मग घाबरून त्यांनी माझ्या नवऱ्याला विचारलं, "किती वेळ राहिलाय?"

"अहो काका, अजून हाफटाइमसुद्धा नाही झाला!" नवरा म्हणाला, आणि सगळे खो खो हसलो.

काकू हसल्या नाहीत. काकांना आमचा हॉल मैदान वाटतोय, हे त्यांना एकट्यांना कळलं होतं. मी पुन्हा पळी भरली तेव्हा त्यांनी आपला हात काकांच्या हाताखाली धरला.

यंदा त्या एकट्याच आल्या. मी पळी पुढे केली. काकूंनी आपला हात धरला, पण खूप खाली, मध्ये अजून एका हाताला जागा ठेवून.