पहिल्या ओळीवरचं पांढरं

आधी माफी मागतो. कदम मास्तरांवर लिहायचा हक्क त्यांच्याबरोबर वीस वर्षं काम केलेल्यांचा आहे. मी त्यांच्या एकाच सिनेमात होतो, आणि त्यातही फक्त मार खाल्ला. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मी पहिला. लिहायची सवयही नाही. पण मास्तरांना जाऊन दीड महिना झाला, आणि हे मनात ठेवून फिरणं आता जमत नाही...

मास्तर आनंदनगर एमआयडीसीतल्या एका कारखान्यात फिटर होते. संध्याकाळी अंबरनाथला कराटे शिकवायचे आणि शुक्रवारी सिनेमा काढायचे. शुक्रवारी एमआयडीसी बंद, म्हणून त्यांच्या सगळ्या मारामाऱ्या बंद शटरांसमोर. पहिला सिनेमा उल्हासनगरहून भाड्याने आणलेल्या, लग्नं शूट करायच्या कॅमेऱ्यावर काढला; तो केबलवर लागला. पुढचे तीन गणपतीच्या मंडपांत दाखवले. पाचवा, आमचा, मोबाइलवर. गुंडांच्या अंगात नेहमी उल्हासनगरच्या कारखान्यांतल्या नापास जीन्स, आणि पडायला खाली जीन्सच्या कातरणाची पोती.

त्यांचे नियम दोनच. मारणाऱ्याने आधी मार खाणाऱ्याच्या पाया पडायचं. आणि सिनेमाच्या सुरुवातीला नावं येतात त्यात मार खाणारे आधी, हिरो शेवटी. "पडणारा नीट पडला नाही तर हिरोची लाथ काय चाटायची?" असं म्हणायचे. ही नावं ते फोन नंबरांसकट चार्टपेपरवर लिहून घरच्या भिंतीला लावत. मी पत्र्याच्या शेडवरून उलटा पडलो तेव्हा पोत्यांतून वर येईपर्यंत मास्तर धावत आले होते. "लागलं का?" प्रत्येकाला, प्रत्येक वेळी हेच विचारायचे. त्या दिवशी माझं नाव पहिल्या ओळीत गेलं. आई बारवी धरणाकडच्या आमच्या पाड्यावरून मुद्दाम बघायला आली. तिला वाचता येत नाही. ओळीवर बोट ठेवून म्हणाली, "ह्यो तू?"

मग शूटिंगची एक क्लिप कॉलेजात फिरली. "भाई, ये उडता हुआ तू है क्या? एक लाथ में सीधा बदलापूर!" कँटीन हसलं. "मी नाही रे, माझ्यासारखा दिसतो कोणीतरी," मी म्हणालो. तेवढ्यावर थांबलो नाही. क्लिपमध्ये मागून मास्तर "अ‍ॅक्शन" ओरडतात, त्याची मी नक्कल करून दाखवली... सगळ्यात मोठा हशा त्यालाच मिळाला.

त्याच आठवड्यात मी मास्तरांच्या घरी गेलो.

"मास्तर, माझं नाव काढा ना. कॉलेजात... बरं नाही वाटत."

ते उठून जवळ आले. "लागलं का कुठं?"

"नाही."

काकूंनी चहा आणला होता. मास्तरांनी मुलीच्या कंपासमधून व्हाइटनर काढला आणि पहिली ओळ, नंबरासकट, हळूहळू पांढरी केली. "पडलास मात्र चांगला," एवढंच म्हणाले. मी चहा न पिता निघालो आणि परत कधी गेलो नाही.

मागच्या महिन्यात बदलापूर गावात जितू भेटला. सिनेमात मला लाथ मारणारा हिरो. मी हात पुढे केला, त्याने घेतला नाही.

"दहाव्यालाही आला नाहीस?"

"कोणाच्या?"

त्याचा चेहरा बदलला. "मास्तर गेले रे. तीन आठवडे झाले. हार्ट अटॅक." मग म्हणाला, "काकूंनी भिंतीवरचा चार्ट बघून सगळ्यांना फोन लावले. दुसऱ्या ओळीपासून."