पुरुष संतती नाही

सासरे तीन महिन्यांसाठी आमच्याकडे परदेशात, क्रेगीबर्नला आले, तेव्हा बॅगेत मेतकुटाबरोबर एक फॉर्मही होता. घराण्याच्या कुलवृत्तांताची नवी आवृत्ती निघत होती. आमच्या शाखेची माहिती गोळा करायचं काम वर्षानुवर्षं त्यांचंच.

एका शनिवारी दुपारी डायनिंग टेबलावर ते फॉर्म भरत होते. समोर माझी लेक लॅपटॉपवर शाळेचं प्रेझेंटेशन करत होती. विषय होता मोरोक्कोचा एक सुलतान, ज्याला म्हणे शेकडो मुलं होती.

"बापरे!" सासरे म्हणाले. "नावं तरी आठवत असतील का त्याला?"

"मुलगे किती ते सगळे सांगतात, आजोबा. मुली किती, नोबडी नोज. सो रूड!"

कोथिंबीर निवडता निवडता माझी नजर फॉर्मवर गेली. माझ्या नवऱ्याच्या नावापुढे त्यांच्या वळणदार अक्षरात लिहिलं होतं, 'पुरुष संतती नाही.' झालं! माझं डोकंच फिरलं. पंधरा वर्षांची धडधाकट पोरगी समोर बसलीय, आणि कागदावर काय, तर 'नाही'!

"बाबा, हिचं नाव कुठंय?"

"अगं, चिडू नकोस. मुलींची नोंद सासरच्या पुस्तकात होते. पद्धतच आहे तशी."

लेकीनं त्यांच्या पुढ्यातली कुलवृत्तांताची जुनी आवृत्ती ओढली. मराठी ती बोट ठेवून, अडखळत वाचते. "आजोबा, तुमच्या नावाखाली ओन्ली डॅड आणि काका? आत्या कुठंय?"

आत्या म्हणजे माझी नणंद, नाशिकला असते. भावंडांत थोरली, म्हणून बाबांसकट सगळे तिला ताईच म्हणतात. बाबांनी बीपीची गोळी घेतली का, हे विचारायला रोज ह्याच सुमाराला तिचा फोन येतो. तेवढ्यात आलाच. मी मुळात भांडकुदळ. फोन स्पीकरवर टाकला आणि सरळ विचारलं, "ताई, तुमच्या सासरच्या कुलवृत्तांतात तुमचं नाव आहे का हो?"

"आहे की," ती हसली. "पण ते लग्नात बदललेलं. बाबांनी ठेवलेलं नाव कुठल्याच पुस्तकात नाही गं. बाबा, गोळी घेतलीत ना?"

बाबांनी पेनचं टोपण काढलं. मग त्यांनी ती ओळ खोडली आणि शेजारी माझ्या लेकीचं नाव लिहिलं. फॉर्मवर तेवढी जागाही नव्हती, अक्षरं समासाबाहेर गेली.

"बाबा? ऐकू येतंय का?"

फोनकडे वाकून त्यांनी तिला तिच्या माहेरच्या नावानं हाक मारली. सतरा वर्षं ह्या घरची सून आहे मी. ते नाव मला तेव्हा कळलं.