उंबऱ्याबाहेरची बोली

आमच्या घरात शिरताना दोन गोष्टी बाहेर काढून ठेवायच्या असत. एक चपला आणि दुसरं हाय-न्हाई. हे वाक्य बाबांचं. आमची गावाकडची बोली त्यांना ओट्यापर्यंत चालायची, उंबऱ्याच्या आत नाही. जेवताना चुकून "मला भाकर पायजे" असं तोंडातून गेलं, की बाबा ताटातून मान वर न करता म्हणायचे, "बाहेर जाऊन म्हणा." मग उठायचं, ओट्यावर जायचं, "मला भाकरी हवी आहे" असं खणखणीत म्हणायचं आणि मग आत यायचं. तोवर कालवण गार. रागावतानाही बाबा "म्हणा" म्हणत, "म्हण" नाही. शिक्षा करतानासुद्धा माणसानं सभ्यता सोडायची नाही, असं त्यांचं होतं.

शिक्षा मला होती तशीच आईलाही होती. मी लहान होते, जीभ लवकर वळली. आई लग्न होऊन बेलापुराकडून आली ती भरल्या तोंडाची, अखंड बोलणारी बाई. तिला किती वेळा ओट्यावर जावं लागलं असेल कोण जाणे. शेवटी तिनं सोपा उपाय काढला. आत ती बोलायचीच कमी. "हो." "नाही." "झालं." "वाढू?" एवढ्या भांडवलावर तिनं अख्खा संसार केला.

आणि तीच बाई ओट्यावर बसली की ऐकत राहावं! शेजारणीच्या कोंबड्यांनी मिरच्या टोचल्या की आई सुरू व्हायची, "अगं ए भवाने, तुझ्या कोंबड्यांनी माझं वाळवान नासलं आन् तू दात काढती व्हय गं? थांब, आज रश्शात घालते एक." शेजारीण हसून हसून भिंतीला टेकायची. नकला, टोमणे, उखाणे, सगळं तिथं. मी दाराआड उभी राहून ऐकायची आणि मला वाटायचं, ही आई आपल्याला आत का मिळत नाही?

बाबांची बाजू मला माहीत नव्हती असं नाही. आमची वस्ती गावाच्या कडेला. शाळेत बाबांनी "म्या न्हाई केलं" असं उत्तर दिलं, तेव्हा मास्तर म्हणाले होते, वस्तीवरचं बोलणं वस्तीवर ठेवून यायचं, आणि त्यांना वर्गाबाहेर उभं केलं. सगळा वर्ग हसला. पुढं बाबा एसटीत लागले आणि पारनेरच्या डेपोत गाड्या पुकारू लागले. "श्रीरामपूरला जाणारी गाडी फलाटावर उभी आहे." शब्द न् शब्द धुतलेला. त्या आवाजावरून आपण कोण, कुठले, हे कुणाच्या बापाला कळणार नाही, याचा त्यांना केवढा अभिमान! आपल्या लेकीच्या बोलण्यावरूनही ते कुणाला कळू नये, एवढंच त्यांना हवं होतं. मी आज नगरच्या शाळेत मराठी शिकवते ती त्यांच्याच जिवावर. त्यामुळे त्यांच्यावर धड चिडताही येत नाही.

गेल्या उन्हाळ्यात आईला झटका आला. उजवी बाजू लुळी पडली आणि वाचा गेली. डॉक्टर म्हणाले, "शब्द आत आहेत, बाहेर यायची वाट बुजलीय. पहिले काही महिने महत्त्वाचे. जेवढं येईल ते आताच, नंतर अवघड. बोलत राहा. जे पाठ झालेलं असतं, वर्षानुवर्षं कानावर पडलेलं असतं, ते आधी येतं."

मी बिनपगारी रजा टाकून घरी आले. चित्रांचे पत्ते आणले. रोज सकाळी तिच्या खाटेशी बसायचं. "आई, हे काय आहे? हा तांब्या आहे. म्हण, तांब्या." वर्गात शिकवते तशी मी माझ्या आईला शिकवत होते. ती पत्त्याकडं बघायची, मग माझ्याकडं बघायची, आणि तिच्या डोळ्यांत माझीच कीव दिसायची. एक आठवडा, दुसरा, महिना. ओठ हलायचे, घशातून घरघर यायची, शब्द नाही. पत्ते चुलीत घालावेत आणि मोठ्यानं भोकाड पसरावं असं वाटायचं. तिला काय दुखतंय, काय हवंय, काही कळत नव्हतं. सगळ्यात वाईट म्हणजे, तिचे शब्द कोणते हेच मला ठाऊक नव्हतं. दाराआडून ऐकलेले तेवढेच.

एका संध्याकाळी बाबांनी नेहमीसारखी मेणबत्ती लावून वंदना सुरू केली. मी कणीक मळत होते. बाबांच्या आवाजात दुसरा आवाज मिसळला. मी पिठाच्या हातानं धावले. आई म्हणत होती! त्रिसरण, पंचशील, सगळं पाली, एक अक्षर इकडचं तिकडं नाही. शेवटचं "साधु, साधु, साधु"सुद्धा. मी तिचा चेहरा हातांत धरला. "आई! पाणी हवंय? पाणी म्हण बरं. नुसतं पा म्हण." काही नाही. पुन्हा घरघर. मी मोरीत जाऊन नळ सोडला आणि पोटभर रडले.

मग मावशी आली, आईची धाकटी बहीण. पिशवी दारात टाकून ती सरळ खाटेवर बसली. "अक्के, बघ की माझ्याकडं. मी आलीय. अगं शिव्या दे, पर बोल." आईच्या डोळ्यांना धार लागली. चांगल्या हातानं तिनं मावशीचं मनगट असं धरलं की मावशीच्या बांगड्या रुतल्या. पण शब्द नाही. मावशी बराच वेळ बोलत राहिली, माहेरच्या गोष्टी, चेष्टा, गाऱ्हाणी. मग दमली, आणि एकदम बाबांकडं वळली.

"दाजी, झटका आत्ता आला म्हनता तुमी. हिची वाचा तुमी कवाच घालवली. ह्या खोलीत ती तिच्या तोंडानं कधी बोल्लीय का? हितं पडून ती आता बोलंल तरी कुठलं?"

मला मावशीचा संताप आला. आजारी माणसाच्या उशाशी असं बोलतात का? आणि ती खरं बोलत होती, याचा त्याहून जास्त आला. बाबांनी मला मावशीसाठी चहा ठेवायला सांगितला.

मावशी गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारी बाबा आईच्या खाटेशी येऊन बसले. मी पलीकडं धुणं घडी करत होते. त्यांनी दोनदा घसा खाकरला. मला वाटलं, पेपर वाचून दाखवणार. ते आईच्या कानाशी वाकले.

"लई... लई दुखतंय का गं?"

माझ्या हातातलं लुगडं तसंच राहिलं. बाबांच्या तोंडून हे मी जन्मात ऐकलं नव्हतं. जीभ अडखळत होती, परक्या गावात पत्ता विचारावा तशी. तरी ते थांबले नाहीत. "पानी पायजे का? म्या हाय हितं. तू बोल. तुला यील तसं बोल. आता कुनी काय म्हननार न्हाई गं."

आईनं मान वळवली. बाबांकडं बघितलं. ओठ हलले, आणि या वेळी घरघर नव्हती. एकेक शब्द सुटा, स्वच्छ, डेपोत पुकारावा तसा.

"बाहेर... जाऊन... म्हणा."

मी बाबांकडं बघू शकले नाही. हसावं की रडावं तेही कळेना. डॉक्टर म्हणाले होते ना, पाठ झालेलं आधी येतं! इतक्या वर्षांच्या संसारात आम्ही तिच्याकडून हे पाठ करून घेतलं होतं. की ती मुद्दाम बोलली? ते मला आजही ठाऊक नाही. त्यानंतर ती एक शब्दही बोललेली नाही, आणि डॉक्टरांनी सांगितलेले महिने केव्हाच सरले.

बाबा उठले. भिंतीला धरत धरत उंबरा ओलांडून ओट्यावर गेले आणि चपलांशेजारी आमच्याकडं पाठ करून उभे राहिले. वाक्य त्यांना माहीत होतं. "मी इथे आहे." एवढंच नीट म्हणायचं आणि आत यायचं. आई दाराकडं डोळे लावून वाट बघत होती. बाबांचे खांदे हलत होते. सगळ्या तालुक्याला ऐकू जाणारा तो आवाज, त्यातून काही केल्या शब्द फुटेना.